वर एक

पहाटे भागाबाईने पोराच्या पिशवीतल्या गोल्फच्या काठ्या मोजल्या. चौदा!

"प्रेमना बाप, हाई दखा. आंडोर इतला मोठा कामले निंघी ऱ्हायना, आन् पिशवीमा वर एक नही!"

मोतीलालने चहाचा कप खाली ठेवला. बाई खरं बोलत होती. खानदेशात आहेर अकराचा, एकवीसचा, एकशे एकचा. माणूस दारातून निघताना त्याच्या हातात जे असेल, त्यावर एक ठेवायचाच. नुसता जोडीचा आकडा घेऊन गेलेला माणूस हात हलवत परत येतो.

भागाबाईने माळ्यावरून एक गंजकी काठी काढली. प्रेमराजचा मामा नाशिकला गोल्फच्या मैदानावर गवत कापायचा, तो टाकाऊ काठ्या आणून द्यायचा. त्यांनीच प्रेमराज केळीच्या बागेत चेंडू मारायला शिकला होता. तिने काठीला हळदकुंकू लावलं आणि पिशवीत खोल सारली.

प्रेमराज आता पोटासाठी गोल्फ खेळायचा. टीव्हीतले गोल्फर विमानातून उतरतात. हा विभागीय टूरचा खेळाडू एसटीतून उतरायचा. कोल्हापूर, बडोदा, इंदूर, नागपूर. सगळा हंगाम त्याने पिशवी मांडीवर घेऊन काढला होता. शेवटची स्पर्धा मात्र घराजवळ आली होती, जळगाव-धुळे रस्त्यावर एका शेठच्या मैदानात. आसपासच्या गावांना आठवड्यातून एकदा टँकर यायचा आणि या गवताला रोज दोनदा पाणी मिळायचं. शेठला लाज नव्हती. गवताचा त्यात काय दोष?

हंगामाच्या शेवटी वरच्या चाळीस जणांनाच पुढच्या वर्षी खेळायचं कार्ड मिळणार होतं. एकोणचाळीस ठरल्यासारखेच होते. राहिलेल्या एका जागेसाठी दोघे होते, एक प्रेमराज आणि दुसरा पुण्याचा ज्ञानेश्वर. आज जो पुढे राहील त्याचं कार्ड, दुसऱ्याचं गोल्फ संपलं. गंमत म्हणजे ज्ञानेश्वरला लॉज परवडत नव्हता, म्हणून तो चोपड्याजवळच्या याच घरात पाहुणा म्हणून उतरला होता. काल रात्री एकाच ताटलीतला ठेचा दोघांनी मिळून संपवला होता.

प्रेमराजचा कॅडी, म्हणजे पिशवी उचलणारा गडी, एका बड्या खेळाडूने पळवला होता. म्हणून पिशवी मोतीलालने घेतली. केळीचे घड वाहिलेला माणूस तो. त्याने डोक्यावर चुंबळ ठेवली, चुंबळीवर पिशवी, आणि ताठ चालू लागला. ज्ञानेश्वर आपली पिशवी स्वतःच ढकलगाडीवरून नेत होता.

मोतीलालने पोराचा खेळ कधी पाहिलाच नव्हता. दांडकं घेऊन गवतात हिंडणं हा काय धंदा, असं तो चारचौघांत म्हणायचा. प्रेमराजने पहिला फटका मारला. टक्क! चेंडू वर गेला. आता पडेल, आता पडेल म्हणून मोतीलाल बघत राहिला, आणि चेंडू आपला चढतोच आहे. वर एक घार फिरत होती, तीही बाजूला सरली. मग तो थकल्यासारखा झाला, वळला आणि लांबवर, लहान निशाणापाशी, अलगद बसला.

"हाई तू मारं?" मोतीलालने विचारलं.

"मंग कोण, आबा?"

मोतीलालने डोक्यावरची चुंबळ नीट केली. एवढी वर्षं आपण या पोराला घड उचलायला सांगत होतो, हे आठवून त्याचे कान तापले.

दुसऱ्या खड्ड्यात चेंडू गेला आणि प्रेमराज पिशवीत काठी परत ठेवायला वाकला. तो तसाच थिजला.

"आबा, हाई काठी कोठून उनी?"

"तुनी मायनी टाकी. वर एक."

"चौदाच चालतस, आबा! पंधरावी म्हणजे गुन्हा शे!"

 मोतीलाल व्यवहारी माणूस. "मंग फेकी दे त्या झुडूपमा. कोण दखी ऱ्हायना?"

खरोखर कोणी पाहत नव्हतं. ज्ञानेश्वर पुढे निघाला होता. पंच दूर छत्रीखाली पाणी पीत होता. प्रेमराजने एकदा त्या काठीवरच्या हळदीकडे पाहिलं. आणि आपला हात वर केला.

"सर! माझ्या पिशवीत पंधरा क्लब आहेत."

मोतीलालने जन्मभर बाजार पाहिला होता. तोलताना काट्याखाली पाय देणारा व्यापारी पाहिला होता, कापसावर पाणी मारणारा शेतकरी पाहिला होता आणि दोघांकडून चहा पिणारा दलालही. पकडले गेले तरी ते शपथा खायचे. आणि इथे एक माणूस कोणी न पकडता स्वतःचाच गुन्हा ओरडून सांगत होता. आणि तो माणूस त्याच्या पोटचा होता!

पंचाने पहिल्या खड्ड्याचे दोन आणि दुसऱ्याचे दोन, असे चार फटके दंड लावले. या खेळात ज्याचे फटके कमी, तो पुढे. चार म्हणजे कंबरडं मोडलं.

"वाईट वाटलं हो, काका," ज्ञानेश्वर म्हणाला. "पण नियम म्हणजे नियम." वाईट वाटलेल्या माणसाचे दात एवढे दिसत नाहीत.

त्यानंतर प्रेमराज असा खेळला की दोरीपलीकडचे लोक टाळ्या वाजवायचं विसरले. चेंडू वाळूतून उठत होते, झाडांच्या फटीतून निघत होते, आणि मोतीलाल डोक्यावरची पिशवी न हलवता नुसता डोळ्यांनी त्यांच्यामागे पळत होता. शेवटच्या खड्ड्याकडे निघाले तेव्हा ज्ञानेश्वर फक्त दोन फटक्यांनी पुढे होता.

तेवढ्यात दोरीपाशी डबा घेऊन उभ्या असलेल्या भागाबाईने नवऱ्याला गाठलं. दंडाची बातमी तिला आत्ताच कळली होती. 

"प्रेमना बाप, मी त्या पाव्हनानी पिशवीमा बी एक टाकेल शे."

"काय?"

"दोन काठ्या व्हत्यात माळावर. घरना आंडोरले देवानी आन् पाव्हनाले नही? लोक काय म्हनतीन?"

मोतीलालला हसावं की रडावं कळेना. सांगितलं तर आपल्या घरचा पाहुणा आपल्याच घरच्यांनी बुडवला. नाही सांगितलं तर पोराचं कार्ड गेलं. तो पंचाकडे गेलाच नाही. सरळ ज्ञानेश्वरजवळ गेला आणि हळूच म्हणाला, "पाहुणे, पिशवीच्या तळाशी हात घालून पाहा."

ज्ञानेश्वरने हात घातला. हळद लागलेली मूठ वर आली.

"काका! तुमच्या घरच्यांनी मारलं हो मला!"

"खरं आहे, बाबा. पण झुडूप जवळच आहे आणि मी काही पाहिलं नाही."

ज्ञानेश्वरने झुडपाकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं. त्याचे ओठ हलत होते, शिव्याच असणार. मग त्याचाही हात वर गेला.

"सर! माझ्याकडेपण पंधरा."

मोतीलालने चुंबळीसकट पिशवी खाली ठेवली आणि दोन्ही हात जोडले. कोणाला, ते त्यालाही सांगता आलं नसतं.

या दंडाची कमाल मर्यादाच चार, म्हणून चार फटके त्यालाही बसले. प्रेमराज चाळिसावा आला, ज्ञानेश्वर एक्केचाळिसावा.

बक्षीस समारंभात शेठने माइक हातात घेतला. "या चाळीस खेळाडूंना पुढच्या हंगामाचं कार्ड!"

भागाबाई भर मांडवात उठली. "शेठभाऊ, नुसता चाळीस?"

"म्हणजे?"

"वर एक कोठे शे? तुमना घरमा बी असाच आहेर करतस का?"

मांडवातल्या सगळ्या माना शेठकडे वळल्या. शेठ अस्सल खानदेशी. वर एक ठेवल्याशिवाय त्याने कोणाला पाकीट दिलं नव्हतं, साहेबांनासुद्धा नाही.  पुढच्या हंगामाचं एक निमंत्रण यजमान म्हणून त्याच्या हातात होतं. ते त्याने भाच्यासाठी राखून ठेवलं होतं, आणि भाच्याला चेंडू अन् लिंबू यातला फरक कळत नव्हता. शेठने बायकोकडे पाहिलं. बायकोने डोळे वटारले.

"चाळीस," शेठ घसा साफ करत म्हणाला, "वर एक. ज्ञानेश्वर!"

दुसऱ्या दिवशी सकाळी ज्ञानेश्वरने निघण्याआधी अंगणात पिशवी उलटी केली. सगळे क्लब मोजून आत भरले, आणि पिशवीचं तोंड दोन्ही हातांनी आवळून उभा राहिला. भागाबाई घरातून एक केळं घेऊन आली.

"आते वर एक केळं तरी चालस ना रे, प्रेम?"

"चालस, माय."

"थांबा!" ओट्यावर बसलेल्या मोतीलालचा हात वर गेला होता. "आधी पंचाले फोन लावा."