वायुवेग वेल्वेलची अंत्ययात्रा

"लिहून ठेव फ्रुमा, आज तुझे बाबा मला मिठी मारणार!" झालमनने छाती फुगवून जाहीर केलं.

"बाबा? लग्नात तुझा हात धरून नाचतानासुद्धा त्यांचं तोंड वाकडंच होतं!"

पण झालमन आज कुणाचं ऐकणार? अख्ख्या ब्रुकलिनमध्ये कुणी छापेना, म्हणून त्याने पदरमोड करून स्वतःच कॉमिक छापलं होतं. नायक वायुवेग वेल्वेल! दाढीवाला, ढेरपोट्या, उडणारा, अस्सल यहुदी महावीर! रविवारी मॅनहॅटनच्या कॉमिक जत्रेत विक्री. फक्त सासरे हिर्शेल, लोणच्याचे दुकानदार, याला 'घोडा झालास तरी पोरखेळ' म्हणायचे. त्यांना जिंकायला झालमनने वेल्वेलच्या छातीवर साक्षात देवाचं नाव काढलं होतं. पुरं, हिब्रू अक्षरांत, पानोपानी!

हिर्शेलनी मुखपृष्ठ पाहिलं. चष्मा पुसून पुन्हा पाहिलं. आणि चक्क पुस्तकाचा मुका घेतला!

"पाहिलंस?" झालमनने फ्रुमाला कोपर मारलं.

"जावईबापू, लोक हे वाचणार कुठे?"

"कुठेही, बाबा! बसमध्ये, संडासात..."

"संडासात? देवाचं नाव?"

"बरं, मार्करने खोडतो."

"खोडतो? देवाचं नाव खोडतो?"

"मग पानं फाडून..." फ्रुमाने घाईघाईने त्याच्या तोंडावर हात ठेवला.

प्रकरण धर्मगुरूंकडे, रब्बींकडे गेलं. त्यांनी दाढी कुरवाळत निकाल दिला, "विकायचं नाही, खोडायचं नाही, फेकायचं तर नाहीच. जीर्ण पोथ्यांसारखं दफन करायचं. रविवारी सकाळी."

"रब्बी, रविवारी माझी जत्रा!"

"आता कसली जत्रा, बाळा?"

झालमनला रडूच फुटलं. वर्षभराची मेहनत, आणि एकाही वाचकाने पान उलटलेलं नाही!

रविवारी दफनभूमीत ही गर्दी! दफन आहेच म्हटल्यावर गल्लीतला प्रत्येकजण आपापल्या फाटक्या प्रार्थनापोथ्या पिशव्यांत भरून हजर. एका आजीबाईंनी झालमनचे लाल डोळे पाहिले.

"कोण गेलं रे?"

"वेल्वेल!" झालमनने हुंदका दिला.

"अगं बाई! वय काय होतं?"

"पहिलाच अंक होता हो, आजी!"

आजींना अंक कळला नाही, पण पहिलाच म्हटल्यावर त्यांनी जो गळा काढला! पाठोपाठ त्यांच्या मैत्रिणींनी काढला. रब्बींनाही चार शब्द बोलावे लागले. 'उमदा, उडता माणूस' म्हणाले बिचारे.

खोकी खड्ड्यात उतरली. शेवटचं खोकं मात्र जागचं हलेना, कारण त्यावर हिर्शेल बसले होते. नाक पुस्तकात, दाढी थरथरतेय.

"बाबा, द्या ना ते. सगळे खोळंबलेत."

"गप रे! इथे पूल कोसळतोय, हा वेल्वेल लोणच्याची पिंपं टाकून उडालाय, आणि तुला घाई!"

सगळी दफनभूमी थांबली. हिर्शेलनी शेवटचं पान वाचलं, पुस्तकाचा मुका घेतला, स्वतःच्या हाताने ते खड्ड्यात ठेवलं आणि वर माती लोटली. मग ते झालमनकडे वळले.

"दुसरा अंक काढ. छातीवर काकडी काढ, खारवलेली. ती पुरावी लागत नाही."

"बाबा!" म्हणत झालमन हात पसरून धावला.

"थांब, थांब!" हिर्शेल एक पाऊल मागे सरकले आणि त्यांनी कोटाची बटणं ओढून लावली. "आधी सांग, माझं पोट खरंच त्या वेल्वेलएवढं सुटलंय?"