खवले मांजर आणि पातेलंभर खरवस

एका जंगलात, कुठल्या ते विचारू नका बाळांनो, विचारलंत की मला खोटं बोलावं लागेल, तर एका जंगलात एक खवले मांजर राहत असे.

आता पहिल्यांदा एक गोष्ट डोक्यात घ्या. खवले मांजर हे मांजर नव्हे. त्याला मिशा नाहीत. त्याला म्याव येत नाही. तोंडात औषधालाही दात नाही. अंगभर खवले, लांबलचक चिकट जीभ, आणि जेवण म्हणजे मुंग्या नि वाळवी. असल्या प्राण्याला मांजर हे नाव कुणी ठेवलं कोण जाणे! ठेवणारा ठेवून मोकळा झाला.

आपल्या गोष्टीतलीला सगळे खवलीबाई म्हणत. फार गरीब स्वभावाची. कुणाच्या अध्यात नाही की मध्यात नाही. तिची एक लहान पोर होती, बिटकी. बिटकी आईच्या शेपटीवर बसायची आणि दोघी या वारुळावरून त्या वारुळावर जायच्या.

घाबरली की खवलीबाई एकच करायची. बिटकीला पोटाशी घ्यायची आणि अंगाचं मुटकुळं करायची. त्यांच्या घराण्यात सगळे हेच करतात. बाहेर शांत झालं की हळूच उलगडायचं आणि कामाला लागायचं.

एकदा काय झालं, सिंहमहाराजांच्या घरी बारसं निघालं. रानम्हैस नुकतीच व्यायली होती, म्हणून पातेलंभर खरवस करून ठेवला. सिंह खरवस खातो का, असं मध्येच विचारू नका. बारशाला सगळे सगळं खातात.

सकाळी बघतात तर पातेलं चाटूनपुसून लख्ख!

कोल्हा फौजदार आला. त्यानं जमीन हुंगली, पातेलं हुंगलं, कारण नसताना महाराणींनाही हुंगलं. मग छाती काढून म्हणाला, "महाराज, ठसे मांजराचे आहेत."

सगळ्यांनी रानबोक्याकडे पाहिलं. त्याचं नाव बोकोजी. बोकोजीच्या मिशीला खरवसाचा एक तुकडा चिकटला होता, वेलदोड्यासकट.

होय, त्यानंच खाल्ला होता. मी काही तुमच्यापासून लपवून ठेवणार नाही. हे कोडं नाही, गोष्ट आहे.

बोकोजीनं शांतपणे तो तुकडा चाटला आणि म्हणाला, "माझ्याकडे काय बघताय? मी बोका. माझे वडील बोका. मांजर असं नाव लावणारं या जंगलात एकच आहे."

सगळे विचारात पडले. मग कोल्ह्यानं कपाळावर हात मारला. "खवले मांजर!"

"बघा, नावातच कबुली आहे," बोकोजी म्हणाला.

वरात निघाली वारुळाकडे. सगळ्यांच्या पुढे टिटवीबाई. जंगलाला बातम्या द्यायचं काम त्यांच्याकडे होतं. टिटवी खरं तर जमिनीवर राहणारी. पण बातम्या द्यायला लागल्यापासून त्या वडाच्या शेंड्याखाली उतरत नसत. आज उतरल्या, यावरून प्रकरण किती मोठं ते समजा.

खवलीबाई बिटकीला वाळवी कशी टिपायची ते शिकवत होती. तेवढ्यात टिटवी तिच्या कानाशी येऊन किंचाळली, "खवरस कुणी खाल्ला? खरवस म्हणायचंय मला! उत्तर द्या! जंगलाला उत्तर द्या!"

पाठोपाठ शंभर पोपट ओरडले, "उत्तर द्या!"

आता एवढ्या गोंधळात कुणाचीही गाळण उडेल. खवलीबाईनं बिटकीला पोटाशी घेतलं आणि मुटकुळं केलं.

"तोंड लपवलं!" टिटवी कडाडली. "पाहिलंत का, प्रश्न विचारताच तोंड लपवलं! आणि पोटाशी काय धरलंय? मऊ आहे! पांढुरकं आहे! खरवसच आहे!"

खवल्यांच्या आत बिटकी कुजबुजली, "आई, मी खरवस आहे?"

"नाही गं राणी, तू बिटकी आहेस. जरा थांब. हे गप्प बसले की मी बाहेर जाऊन सगळं सांगते."

पण ते गप्प बसेनात. ती उलगडेना म्हणून ते ओरडत होते, आणि ते ओरडत होते म्हणून ती उलगडत नव्हती. संध्याकाळपर्यंत सगळ्यांचे घसे बसले, तर टिटवीनं बेडकांची नवी तुकडी आणली.

शेवटी तिला दरबारात न्यायचं ठरलं. इतर आरोपींना ओढत न्यावं लागतं. ही उतारावरून गडगडत गेली. "आरोपी पळाली! आरोपी पळाली!" टिटवी वरून सांगत होती. मुटकुळं थेट सिंहासनापाशी येऊन थांबलं, तेव्हा ती म्हणाली, "आरोपीचा महाराजांवर हल्ला!"

महाराज म्हणाले, "गुन्हा कबूल असेल तर गप्प राहा. नसेल तर बोल."

आतून काहीतरी आवाज येत होता. ती पुन्हा पुन्हा म्हणत होती, "अहो, मी मुंग्या खाते, मला दूधसुद्धा पचत नाही." पण दरबारात सगळेच एकमेकांना "शांतता!" म्हणून इतकं ओरडत होते की कुणाला काही ऐकू आलं नाही.

फक्त म्हातारं कासव पुढे आलं. ते म्हणालं, "महाराज, सगळ्यांनी घटकाभर गप्प बसावं. ती आपणहून उलगडेल."

"गप्प?" टिटवी दचकली. "आम्हाला गप्प करायला तुम्हाला कुणी सांगितलं? तुम्हीही अंग आत ओढून घेता, खरं ना? तुमची टोळी किती मोठी आहे?"

कासवानं एकदा खवलीबाईकडे पाहिलं, एकदा पोपटांकडे पाहिलं, आणि मान आत घेतली. मला या कासवाचा राग येतो, बाळांनो. पण मी तिथे असतो तर काय केलं असतं, ते मला विचारू नका.

शिक्षा झाली. चोरलेला खरवस परत करेपर्यंत कोरड्या विहिरीत राहायचं.

विहिरीचा तळ कातळाचा. उकरायची सोय नाही. वर पहाऱ्याला एक अस्वल. पण तिथे शांतता होती, त्यामुळे खवलीबाई अखेर उलगडली. बिटकीला शेपटीवर बसवून तिनं वर मान केली.

"अस्वलदादा, जरा ऐका. मला दात नाहीत हो. मी खरवस कसा खाणार?"

अस्वलानं पुष्कळ विचार केला. "बाई, खरवसाला दात लागतच नाहीत. उलट तुमच्यावरचा संशय वाढला."

आता मांजर म्हटल्यावर तिला जेवण काय? रोज एक वाटी दूध. खवलीबाई त्याला तोंड लावत नसे. टिटवीनं लगेच सांगितलं, "पश्चात्ताप! आरोपीनं दूध सोडलं!" दुधावर साय धरे, सायीला मुंग्या लागत, आणि मायलेकी मुंग्या खात. पोट अर्धंमुर्धं भरे. पण बिटकी सुकत चालली. वारूळ कसं दिसतं तेही ती विसरली.

"आई, आपल्याला कधी सोडतील?"

"त्यांना खरं कळलं की सोडतील," खवलीबाई म्हणायची. तिचा त्यावर खरोखर विश्वास होता. नुसतं सुटायचं नव्हतं तिला. आपली पोर चोराची पोर म्हणून वारुळावर जायला नको, एवढंच तिचं मागणं होतं.

इकडे जंगलाला दुसरा विषय मिळाला. कुणा सुतारपक्ष्यानं परवानगीशिवाय भोक पाडलं होतं. खवलीबाईला सगळे विसरले.

नाही विसरला तो हुप्प्या वानर. हुप्प्या चित्रपट काढायचा. जंगलात चित्रपट कसा, असं म्हणाल. गुहेची भिंत, पुढे सोंगं, मागे काजवे. झाला चित्रपट. हुप्प्या हळवा होता. एका फांदीवर लोंबकळताना त्याच्या मनात आलं, ती बाई निर्दोष असली तर? त्याला इतकं वाईट वाटलं की त्यानं ताबडतोब कथा लिहायला घेतली. विहीर तिथून दोन उड्यांवर होती. पण तिला भेटलं तर कल्पनाशक्ती अडते, असं त्याचं मत पडलं.

खवलीबाईचं काम कुणाला द्यायचं? मांजराचं काम मांजरासारख्याच कुणाला तरी द्यावं, म्हणून बोकोजीला घेतलं. सीताफळाच्या साली चिकटवून त्याला खवले केले. मिशा मात्र तो कापू देईना. बिटकीला गाळलं, कारण लांबी वाढत होती. खरवस खाणारा म्हणून परगावचा एक नाग दाखवला, म्हणजे गावातल्या कुणाचं मन दुखायला नको.

चित्रपट काय चालला म्हणून सांगू! गुहेत पाय ठेवायला जागा नसे. "मी खरवस नाही खाल्ला हो!" असं म्हणून बोकोजी रडायचा, तेव्हा लांडगे हुंदके देत. ते वाक्य त्याचं आधीपासूनच पाठ होतं. शेवटी खवलीबाई विहिरीत प्राण सोडते आणि वरून प्राजक्ताची फुलं पडतात. सिंहमहाराज तर आयाळीनं डोळे पुसत बाहेर आले.

"ही खरी घटना आहे?" त्यांनी विचारलं.

"अगदी खरी, महाराज," हुप्प्या म्हणाला.

"कुणी केला हा अन्याय?"

कोल्हा फौजदार म्हणाला, "परिस्थितीनं, महाराज."

टिटवीबाईंनी त्याच दिवशी वडावर चर्चा ठेवली. विषय होता, 'आपण फार ओरडतो का?' ती चर्चा ऐकून तीन हरणांच्या कानठळ्या बसल्या.

सगळं जंगल ओरडू लागलं. "खवलीबाईला न्याय द्या! खवलीबाई निर्दोष होती!"

हा आवाज विहिरीत पोचला. आज पहिल्यांदाच एवढ्या गलक्यातही खवलीबाईनं मुटकुळं केलं नाही. ती दोन पायांवर उभी राहिली.

"बिटके, ऐकलंस का? निर्दोष म्हणतायत! कळलं गं त्यांना!"

सगळे विहिरीपाशी आले. हातात हार, फुलं, उदबत्त्या. महाराजांनी डोळे मिटून हार विहिरीत सोडला. तो नेमका खवलीबाईच्या गळ्यात पडला.

खालून आवाज आला, "फार उपकार झाले, महाराज. आता आम्हाला वर काढता का? पोर उपाशी आहे."

महाराज उडालेच. त्यांच्या मागचा हत्ती उदबत्तीवर बसला. सगळ्यांनी विहिरीत डोकावून पाहिलं.

"कोण आहेस तू?" महाराजांनी विचारलं.

"मी खवलीबाई."

"खवलीबाई तर वारल्या. सगळ्या जंगलानं डोळ्यांनी पाहिलंय. महाराणी त्या दिवशी जेवल्या नाहीत."

"नाही हो, मी इथेच आहे. केव्हाची इथेच आहे. या अस्वलदादांना विचारा."

अस्वल म्हणालं, "मीही चित्रपट पाहिलाय, महाराज. मी काय बोलणार?"

मग बोकोजी पुढे झाला. खवलीबाईच्या भूमिकेबद्दल मिळालेलं मानाचं उपरणं त्याच्या अंगावर होतं. तो बराच वेळ विहिरीत पाहत राहिला. मग त्यानं खिन्नपणे मान हलवली.

"महाराज, मी त्यांची भूमिका केली आहे. मी त्यांना आतून ओळखतो. ही त्या नव्हेत. हिला मिशाच नाहीत."

"आणि शेपटीवर पोर कसली?" एका सशानं विचारलं. "खवलीबाईंना मूल नव्हतं."

"तोतया!" टिटवी कडाडली. "मेलेल्या बाईच्या नावावर हार लाटला! आमच्या भावनांशी खेळ! उत्तर द्या! उत्तर द्या!"

महाराज दुखावले होते. त्यांनी मनापासून अश्रू ढाळले होते, आणि ते अश्रू आता परत कसे घ्यायचे? त्यांनी निकाल दिला. "खवलीबाईंच्या पवित्र स्मृतीचा अपमान केल्याबद्दल या तोतयाला याच विहिरीत ठेवा. हार मात्र काढून घ्या."

हार काठीनं वर ओढला आणि बोकोजीच्या गळ्यात घातला. सगळे निघून गेले. विहीर शांत झाली. त्या गलक्यात पुन्हा मुटकुळं केलेली खवलीबाई उलगडली आणि कातळावर बसून रडली. इतके दिवस तिला वाटायचं, खरं कळलं की संपलं. आता त्यांना खरं कळलं होतं, आणि त्यात ती कुठेच बसत नव्हती.

थोड्या वेळानं विहिरीच्या काठावर एक डोकं दिसलं. हुप्प्या वानर. त्याचे डोळे भरून आले होते.

"बाई," तो म्हणाला, "तुमच्यावर फार मोठा अन्याय झाला. मला अगदी गलबलून आलं. तोतया ठरवलेली एक निष्पाप बाई! मी यावर नवा चित्रपट काढतोय. या वेळी जंगलाचे डोळे उघडतील."

खवलीबाईनं वर पाहिलं. ओरडली नाही, मुटकुळंही केलं नाही. बिटकी तिच्या पोटाशी झोपली होती. तिच्या पाठीवरून पंजा फिरवत तिनं एवढंच विचारलं, "यात माझी बिटकी जगते का हो?"

हुप्प्यानं डोकं खाजवलं.

"अजून ठरवलं नाही," तो म्हणाला. "लोकांना काय आवडतंय ते बघू."

तात्पर्य : निर्दोष असायला कुणाची हरकत नाही. पण आपल्यासाठी लोक एकदा पोटभर रडले, की मग पुन्हा जिवंत सापडू नये. हे त्यांना फार लागतं.