सासूबाई चहाला आल्या

शनिवारी संध्याकाळी ‘चित्रात काय’ सुरू झालं की रोलंड अ‍ॅक्रॉइड खुर्चीच्या अगदी टोकाला सरकून बसायचा. पडद्यावर चित्र पुरतं उमटायच्या आत त्याचं उत्तर तयार असे. विटांच्या भिंतीतून कानाची नुसती पाळी डोकावली की तो म्हणे, “भिंतीलाही कान असतात. पुढचं आणा.” मगर रुमाल शोधत असली की “नक्राश्रू”, ढगांवर गवंडी काम करत असले की “हवेत मनोरे”. मग स्टुडिओत डोकं खाजवणाऱ्या त्या बिचाऱ्या जोडप्याकडे बोट दाखवून तो बायकोला विचारी, “ग्लेनिस, हे लोक आणतात तरी कुठून?”

ग्लेनिस विणकामातून मान वर न काढता म्हणे, “आपल्यासारख्याच घरांतून.”

रोलंड पेशाने ड्रायव्हिंगची परीक्षा घेणारा अधिकारी होता. हडर्सफील्डमधल्या निम्म्या लोकांना त्याने निदान एकदा तरी नापास केलेलं होतं, आणि तेही मनात काही न ठेवता. समोरच्याची चूक त्याला आधी दिसायची, समोरचा नंतर. त्याला स्वतःला कुणी कधी परीक्षेला बसवलं नव्हतं. ते काम शेवटी ग्लेनिसने केलं. त्याला न सांगता तिने दोघांची नावं कार्यक्रमाला कळवून टाकली, आणि एक दिवस मँचेस्टरहून बोलावणं आलं.

या बातमीने सगळ्यात जास्त बदल झाला तो रोलंडच्या सासूबाईंमध्ये. मिसेस विनिफ्रेड सग्डन याच गल्लीत चार घरं सोडून राहायच्या. लग्न झाल्यापासून त्यांनी रोलंडचा उल्लेख ‘ग्लेनिसचा नवरा’ असाच केला होता. जणू लेकीने बाजारातून चुकीच्या मापाचं काही आणलं होतं आणि पावती हरवल्यामुळे परत करता येत नव्हतं. आता मात्र चर्चमधल्या बायकांना त्या सांगू लागल्या, “आमचा रोलंड टीव्हीवर जाणार आहे.” त्याच्यासाठी त्यांनी निळं स्वेटर विणलं. घालून बघताना बाही ओढून सारखी केली आणि म्हणाल्या, “तसा रुबाबदार दिसतोस की.” रोलंड त्या रात्री बराच वेळ आरशासमोर होता. हे इतकं आवडेल असं त्याला वाटलं नव्हतं.

मँचेस्टरला सगळंच उलटं झालं. घरच्या खुर्चीतून जे तोंडपाठ येत होतं, ते त्या दिव्यांखाली येईना. कपाळावरचा घाम पुसायला एक मुलगी पुन्हा पुन्हा पावडर घेऊन यायची आणि त्यामुळे त्याला आणखी घाम फुटायचा. त्यांच्या वाट्याची पहिली चारही चित्रं ग्लेनिसने शांतपणे ओळखली; दुसरं जोडपंही बरोबरीत होतं. रोलंड शेजारी उभा राहून टाळ्या वाजवत होता. पाचव्या चित्राला मात्र त्याने ठरवलं की आता पुरे झालं. चित्र पुरतं यायच्या आत त्याने सवयीने बटण दाबलं.

पडद्यावर एक चहाचा पेला होता. पेल्यात लाटा उसळत होत्या, वर काळा ढग होता, ढगातून वीज पडत होती आणि कडेला एक छोटं जहाज बुडत होतं. ग्लेनिसला उत्तर कधीच कळलं होतं. पण बटण ज्याने दाबलं त्यानेच बोलायचं, असा नियम होता.

“बोला, रोलंड,” सूत्रसंचालक म्हणाला. “काय आहे चित्रात?”

रोलंडच्या डोक्यात काही म्हणजे काही नव्हतं. फक्त चहा होता आणि वीज होती. त्याचं तोंड आपोआप उघडलं.

“सासूबाई चहाला आल्या,” तो म्हणाला.

 स्टुडिओत मागच्या रांगेतून कुणीतरी खिंकाळलं आणि सगळं सभागृह हसत सुटलं. सूत्रसंचालकाने टेबलाचा आधार घेतला. डोळे पुसत त्याने विचारलं, “या सासूबाईंना नाव आहे का काही?”

रोलंड सरकारी माणूस. प्रश्न आला की पूर्ण माहिती द्यायची, एवढंच त्याला ठाऊक. “मिसेस विनिफ्रेड सग्डन,” तो म्हणाला. “बारा नंबर, क्लॉफ लेन, हडर्सफील्ड.”

दुसऱ्या जोडप्याने ‘चहाच्या पेल्यातलं वादळ’ असं सांगून डाव जिंकला. अ‍ॅक्रॉइड दांपत्याला उत्तेजनार्थ दोन छत्र्या मिळाल्या. परतीच्या गाडीत ग्लेनिस खिडकीबाहेर बघत होती आणि तिचे खांदे हलत होते. रडतेय असं समजून रोलंडने हळूच विचारलं, “खूप वाईट झालं का गं?”

“पत्ता,” ग्लेनिस कशीबशी म्हणाली. “पत्ता कशाला दिलास?” आणि तिने पुन्हा रुमालात तोंड खुपसलं.

कार्यक्रम दाखवायला अजून महिना होता, आणि तोवर निकालाबद्दल ब्र काढायचा नाही असं टीव्ही कंपनीने दोघांकडून कबूल करून घेतलं होतं. रोलंडला ते बरंच वाटलं. पण जो माणूस जन्मात कधी गप्प बसला नाही तो गप्प बसला, की लोक त्याचा अर्थ लावतात. शेजारचा पर्सी हॉलरॉइड कुंपणावरून म्हणाला, “जिंकलास म्हण की, लबाडा. चेहराच सांगतोय.” खाटकाने सॉसेज बांधून देताना दोन जास्त टाकले. खुद्द सासूबाई म्हणाल्या, “बढाई मारत नाहीये तो. मला नव्हतं वाटलं हा गुण त्याच्यात आहे.” रोलंडने मान खाली घातली. त्यांना तोही विनयच वाटला.

मग सासूबाईंनी मोठा टीव्ही भाड्याने आणला आणि चर्चमधल्या डझनभर बायकांना कार्यक्रम बघायला घरी बोलावलं. हे ऐकल्यावर रोलंडची झोप उडाली.

“आई, त्या शनिवारी आपण ब्रिडलिंग्टनला जाऊ या का?” त्याने एकदा सहज म्हटल्यासारखं विचारलं. “समुद्राची हवा लागेल तुम्हाला.”

“त्या शनिवारी? तुझा कार्यक्रम सोडून?”

“मी काय, रोजचाच आहे.”

“बघ ग्लेनिस, बघ,” सासूबाई लेकीला म्हणाल्या. “आणि मी या माणसाला उगाच नावं ठेवत होते.”

ग्लेनिस उठून स्वयंपाकघरात गेली आणि बराच वेळ नळ सोडून उभी राहिली.

“सरळ सांगून टाक ना तिला,” घरी आल्यावर ती म्हणाली. “खाणार आहे का ती तुला?”

“आत्ता कुठे ती मला नावाने हाक मारायला लागलीये,” रोलंड म्हणाला. ते इतकं खरं होतं की ग्लेनिसने विणकाम पुन्हा हाती घेतलं.

शनिवार उजाडला. दुपारी रोलंड शिडी घेऊन सासूबाईंच्या घरी हजर झाला. छपरावरच्या अँटेनात कबुतराने काड्या आणून ठेवल्यात, तेवढ्या काढतो, असं त्याने सांगितलं. शिडी धरायला पर्सी आला. रोलंडने पर्सीला तीनदा नापास केलं होतं. वर चढताना हे आठवल्यावर रोलंडने पाय जरा जपून टाकले.

“डावीकडे बघून मग उजवीकडे हात घाल,” पर्सी खालून म्हणाला. “आरसा तपासलास का?”

“गप्प बस आणि शिडी धर.”

“हातात टाचणवही असती तर लिहून घेतलं असतं मी. उमेदवार घाबरलेला दिसतो.”

कबुतर नव्हतंच. रोलंडने अँटेना दोन्ही हातांनी धरून डोंगराच्या दिशेने वळवून टाकली आणि खाली उतरला. आता या घरात चित्रच काय, मुंगीही दिसणार नव्हती. दिसल्याच तर सगळ्या पडद्यावर मुंग्याच दिसल्या असत्या. गुन्हा करून इतकं हलकं वाटतं हे त्याला माहीत नव्हतं. घरी जाऊन त्याने निळं स्वेटर घातलं आणि शीळ घालत टाय बांधला.

पावणेसातला दारावर थाप पडली. दार उघडलं तर सासूबाई उभ्या होत्या, हातात ट्रायफल पुडिंगचं मोठं काचेचं भांडं. त्यांच्या मागे फाटकापर्यंत बायकांची रांग, कुणाकडे हॅम सँडविचचं ताट, कुणाकडे पोर्क पाई, तर कुणी आपली खुर्चीच डोक्यावर घेऊन आलेली. सगळ्यांच्या शेवटी पर्सी होता, चहाची मोठी किटली सांभाळत.

“माझा टीव्ही ऐन वेळी मेला,” सासूबाई आत शिरत म्हणाल्या. “पर्सी म्हणाला, अ‍ॅक्रॉइडकडे चित्र अगदी लख्ख येतं. सरक जरा.”

पर्सीने रोलंडकडे बघून गोड हसून मान डोलावली.

रोलंडला त्याच्याच खुर्चीत, सासूबाईंच्या शेजारी बसवण्यात आलं. कार्यक्रम सुरू झाला. पडद्यावर निळ्या स्वेटरमधला रोलंड दिसताच बायकांनी टाळ्या वाजवल्या आणि सासूबाईंनी त्याचा हात थोपटला.  भिंतीला कान आले, मगर आली. ग्लेनिस एकामागून एक उत्तरं देत होती आणि शेजारी रोलंड टाळ्या वाजवत होता.

“हा बोलत का नाही?” एका बाईने विचारलं.

“लेकीला पुढे करतोय,” सासूबाई म्हणाल्या. “सगळ्या नवऱ्यांना नाही जमत ते.”

चौथं चित्र संपलं. रोलंडने डोळे मिटले आणि सोफ्याची उशी पोटाशी घट्ट धरली. आता बटण वाजेल. आता ढग येईल. त्याने वाट बघितली. टाळ्या ऐकू आल्या, मग सूत्रसंचालकाचा आवाज आला, “आणि आपली विजेती जोडी आहे...” रोलंडने एक डोळा उघडला. दुसरं जोडपं उड्या मारत होतं. पाचव्या चित्राचा पत्ताच नव्हता. मध्येच जाहिरातीसाठी जागा करायला म्हणा, वेळ पुरला नाही म्हणून म्हणा, कुणा देवमाणसाने तो तुकडा कापून टाकला होता.

“हरले वाटतं,” खोलीत कुणीतरी हळहळलं.

“हरू दे,” सासूबाई म्हणाल्या. “सभ्यपणाने हरले. मला तर अभिमान वाटतो.”

महिनाभर धरून ठेवलेला श्वास रोलंडने एकदम सोडला. त्याच्या डोळ्यांत पाणीच आलं. तो उठून उभा राहिला, ग्लेनिसचे दोन्ही हात धरले आणि आनंदाने म्हणाला, “कापलं गं त्यांनी. तुझ्या आईचं ते सगळंच कापलं.”

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. खोलीत सँडविच चावणंही थांबलं.

“माझं काय कापलं?” सासूबाईंनी विचारलं.

रोलंडने ग्लेनिसकडे पाहिलं. ग्लेनिसने छताकडे पाहिलं. पर्सीने किटली खाली ठेवली आणि नीट दिसेल अशा जागी जाऊन उभा राहिला.

मग रोलंडने सगळं सांगितलं. पेला, लाटा, वीज, जहाज, उत्तर. जहाजाचा भाग त्याला गाळता आला असता, पण गाळायची त्याला सवय नव्हती.

सासूबाईंनी ताटली मांडीवर ठेवली. “पुन्हा सांग. काय म्हणालास?”

“सासूबाई चहाला आल्या,” रोलंड जमिनीकडे बघत म्हणाला.

“आणि लोक हसले?”

“हो.”

“थोडे हसले, का पुष्कळ?”

“सूत्रसंचालकाला टेबल धरावं लागलं,” ग्लेनिस म्हणाली. “त्याने तुझं नाव विचारलं. यानं पत्त्यासकट सांगितलं.”

“बारा नंबर?”

“बारा नंबर.”

 चर्चच्या बायका आपापल्या पर्सा जवळ ओढू लागल्या.

“तुझे सासरे मला तीस वर्षं वादळच म्हणायचे,” सासूबाई म्हणाल्या. “पण कुठे, तर मागच्या परसात, कोबीच्या वाफ्यात, हळू आवाजात. चार माणसांत म्हणायची छाती झाली नाही त्यांची कधी. तू भरल्या सभागृहात म्हणालास.”

“चुकलं माझं, आई.”

“तुझं सोड. तुझी अक्कल मला माहीत आहे.” त्या उठल्या, स्कर्टवरचे सँडविचचे कण झटकले. “मला एवढंच सांग, सगळं सभागृह माझ्या नावावर हसत असताना ते कापायची हिंमत झाली कुणाची? इतक्या बायकांना मी इथे बोलावलंय, आणि माझाच भाग गायब? फोन नंबर आहे त्या लोकांचा?”

सोमवारी सकाळी त्यांनी रोलंडच्या घरून कंपनीला फोन लावला. सुरुवातीला त्यांनी एका मुलीला झाडलं, मग तिच्या साहेबाला, मग त्याच्या साहेबाला. हा शेवटचा साहेब मात्र बराच वेळ नुसता ऐकत राहिला, आणि हळूहळू सासूबाईंचा आवाज खाली आला. “हो का,” त्या म्हणाल्या. “अस्सं. नाही नाही, मला काही अडचण नाही.”

कामावर निघालेला रोलंड दारात थबकला.

फोनवर हात ठेवून सासूबाई त्याच्याकडे वळल्या. “रोलंड, पुढच्या महिन्यात एक दिवस रजा टाक. मँचेस्टरला जायचंय.”

“कशाला?”

“मला बोलावलंय त्यांनी, कार्यक्रमात. जावयाला घेऊन या म्हणतायत.” त्यांनी त्याला वरपासून खालपर्यंत एकदा निरखलं. “उत्तरं मी देईन. तुला टाळ्या छान वाजवता येतात, त्या वाजव. आणि त्या बटणाला हात लावलास तर बघ.”