वाटून टाकलेला टीव्ही

सकाळी सहाला उठलो. स्वतः आणलेल्या पाण्याने तोंड धुतलं, स्वतः फोडलेल्या लाकडांवर चहा ठेवला आणि स्वतः लावलेल्या सुकुमाच्या भाजीच्या वाफ्याकडे पाहत तो चवीने प्यायलो. नैरोबीतली सतरा वर्षांची नोकरी सोडून बुंगोमाजवळच्या आमच्या गावी येऊन तीन महिने झाले होते. शहरातून आणलेलं सामानही गेल्याच आठवड्यात वाटून टाकलं. सोफा चुलत्यांना, फ्रिज बहिणीला, टीव्ही सितुमाकाकांना. आता या खाएम्बाला जगात कुणाची गरज नव्हती!

कुदळ उचलली, तोच आईने ती हिसकावून घेतली.

"बाळा, तू बस. आता कष्ट नकोत."

"का गं?"

तिने डोळे पुसले. तेवढ्यात शेजारीण नाफुना पाण्याचा कॅन घेऊन हजर!

"भाऊ, यापुढे पाणी मी भरणार. तुम्ही फक्त श्वास घेत राहा!"

मग कुणी लाकडं आणली, कुणी मक्याच्या पिठाची शिजवलेली उगाली, कुणी कोंबडी. दहा वाजेपर्यंत माझं स्वावलंबन उन्हातल्या लोण्यासारखं वितळून गेलं. हे काय चाललंय, मला काही केल्या कळेना!

इतक्यात चर्चचा कोट घालून सितुमाकाका आले आणि थेट वाफ्यात शिरून पावलं मोजू लागले.

"तीन पुरतील?"

"उंच आहेत हो ते, चार धरा!" नाफुना म्हणाली.

"काका, कसली मोजणी?"

"काही नाही रे. माती मऊ आहे, एवढंच बघतोय."

मी फुललो. "शेणखत घालून स्वतः खणलीय!"

"स्वतःच तयारी केलीस?" काकांनी रुमाल काढून डोळे टिपले.

शेवटी माझी बायको नेलिमा कपाळावर हात मारत बाहेर आली. "अहो, धडधाकट माणूस जिवंतपणी टीव्ही वाटतो का? डॉक्टरांनी तुम्हाला मुदत दिलीय, असं वाटतंय गावाला!"

"मी ठणठणीत आहे!" मी ओरडलो.

"माझा मेहुणाही हेच म्हणायचा," काका हळूच म्हणाले. "बिचारा!"

यापुढे वाद घालण्यात अर्थ नव्हता. मी तडक काकांच्या घरी गेलो, टीव्ही डोक्यावर घेतला आणि ऐन दुपारी, मुद्दाम लांबच्या वाटेने, भर बाजारातून घरी आणला.

"बरा झाला! खाएम्बा बरा झाला!" बाजार दुमदुमला. काकांनी मला मिठी मारली. शनिवारी फुटबॉलचा अंतिम सामना होता, त्यामुळे त्यांच्या डोळ्यांतलं पाणी या वेळी अधिक खरं वाटलं.

आमच्या घरात वीज नाही. पण रोज सकाळी, आई बघत असताना, मी टीव्ही पुसतो. मग कुदळ उचलतो. कुणी हिसकावत नाही.