ओकच्या ढोलीतल्या बाई

ओकच्या झाडाची वटपौर्णिमा करणारी जगातली पहिली बाई बहुधा मीच. आणि एका आईला तिच्याच घरातून धूर करून हाकलणारीही मीच. नातवंडांना सांगते तेव्हा ती खो खो हसतात. मीही हसते, पण जरा उशिरानं.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. आम्ही कॅलिफोर्नियातल्या फ्रीमाँटला नवे होतो. शेजारच्या टाउनहाउसमध्ये दामलेकाका एकटेच राहत. इंजिनिअर, साठीला टेकलेले, पत्नी जाऊन चार वर्षं झालेली. प्रत्येकानं एकेक पदार्थ आणायच्या कुठल्याही पॉटलकमधून जेवण अर्धवट टाकून उठायचे. "निघतो. बाई घरात एकट्या आहेत."

बाई म्हणजे सॅलमँडर! बोटाएवढा तपकिरी जीव, अंगावर पिवळे ठिपके, दिसायला आपल्या पालीची चुलत बहीण. घरांच्या मागे टेकडीच्या पायथ्याशी ओकांची राई होती, तिथल्या एका झाडाच्या ढोलीत तिचा मुक्काम. उन्हाळ्यात अख्खी टेकडी वाळून पिवळी पडायची, पण ढोलीतल्या कुजक्या लाकडात ओल टिकून असायची.

"फुफ्फुसंच नाहीत हो तिला," श्रीखंडाची वाटी हातात तशीच धरून काका सांगत. "सगळ्या अंगानं श्वास घेते. कातडी ओली हवी, स्वच्छ हवी." झाडाजवळ जाण्याआधी ते हात नुसत्या पाण्यानं धूत, साबण वर्ज्य. आफ्टरशेव्ह तर कायमचं बंद. त्यांनी मला ती ढोली बोट दाखवून दाखवलीही होती. पण माझं लक्ष असेल तर शपथ! काकांचं जरा सरकलंय, एवढं मी ठरवून टाकलं होतं.

वटपौर्णिमा आली. तिथे वड कुठला? मी राईतला सगळ्यात डेरेदार ओक निवडला. देव समजून घेईल, तोही आता बरीच वर्षं अमेरिकेत येऊन-जाऊन होता. कांजीवरम नेसून, पायांत स्नीकर्स घालून मी खोडाला सूत गुंडाळलं, हळदकुंकू वाहिलं. छातीच्या उंचीवर देवळीसारखी छान ढोली होती. वारा लागू नये म्हणून उदबत्त्या तिच्यात खोचल्या, कापूर पेटवला. आतून बारीक 'चीं' झालं आणि काहीतरी सळसळत खोडावर चढून गेलं.

"पाल!" मी ताट टाकून पळत सुटले. ज्याच्यासाठी सात जन्म मागत होते तो तेव्हा फ्रीवेवर अडकला होता.

संध्याकाळी काका दारात उभे. हातात माझं ताट, धुऊन पुसून.

"सुधा, आत अंडी आहेत. आई परतली नाही तर बुरशी धरेल त्यांना."

त्यांचा आवाज चढला असता तर बरं झालं असतं. मी मुकाट्यानं त्यांच्यामागे गेले.

राख त्यांनी ओल्या कापसानं टिपून काढली होती. टॉर्चच्या उजेडात ढोलीच्या छताला बारीक देठांनी लटकलेली अंडी दिसली, वाटाण्याएवढी, पांढुरकी. ढोलीच्या आतलं दिसेल इतक्या अंतरावर आम्ही घडीच्या खुर्च्या टाकून बसलो.

"येईल ना हो ती?"

"माहीत नाही."

पोटात उपासाचे कावळे, आणि तोंड बंद. इतका वेळ मी जन्मात गप्प बसले नव्हते.

दिवस मावळायला आला तेव्हा सालीवर काहीतरी हललं. शेपटीचा आधार घेत ती उतरत होती. हळदीच्या डागाशी थबकली. मी दोन्ही हात घट्ट आवळले. तिनं डागाला वळसा घातला, ढोलीत शिरली आणि अंड्यांभोवती अंग वळवून बसली.

"आता हलायची नाही," काका पुटपुटले. "पिल्लं बाहेर येईपर्यंत. धड खातसुद्धा नाही."

"काका, खरं सांगा, रोज येऊन एवढं काय बघता?"

खुर्ची मिटता मिटता ते म्हणाले, "मालती शेवटचे दोन आठवडे हॉस्पिटलमध्ये होती, तेव्हा मी रोज ऑफिसला जात होतो. डेडलाइन होती म्हणून नाही, ते नुसतं सगळ्यांना सांगायचं कारण. मला कुणाजवळ नुसतं बसून राहताच येत नव्हतं, सुधा. ते शिकतोय."