बंदुकीच्या हंगामात धनुष्य

चिंचगढच्या कचेरीतली एखादी फाईल तीस वर्षं कुणी उघडली नाही, की ती जंगलात पळून जाते, आणि मग शिकार करून तिला परत आणावं लागतं.

याबद्दल तालुक्यात कुणाची तक्रार नाही. तीस वर्षं कुणी विचारपूस केली नाही तर माणूससुद्धा घर सोडतो. पहिलं वर्षभर फाईल कचेरीमागच्या बोरीत घुटमळते, मग सागाच्या रानात शिरते आणि पाठीवरचं लाल फडकं मळून मातीच्या रंगाचं होतं. त्यानंतर ती माणसाच्या वाऱ्याला उभी राहत नाही. शिक्क्याच्या शाईचा वास तर तिला अर्ध्या कोसावरून येतो.

शिकारीचे हंगाम दोन. दिवाळीनंतरचा महिना धनुष्याचा आणि त्यापुढचे दोन महिने बंदुकीचे. बंदूकवाले दिवसाला तीन-तीन पोती फायली आणतात, पण छर्रे नेमके तारखेवर आणि सहीवर बसतात, त्यामुळे आणलेल्या फायलींचा उपयोग वजन करण्यापलीकडे होत नाही. बाणाचं तसं नाही. धनुष्यवाला फाईल वरच्या डाव्या कोपऱ्यात टिपतो. जिथे टॅगचं भोक पाडायचं असतं, तिथेच. फाईल निमूट आडवी होते आणि कचेरीत त्याच भोकातून टॅग ओवून तिला रॅकवर ठेवतात. असे धनुष्यवाले तालुक्यात चारच उरले होते. तिघांना मोतीबिंदू होता. चौथी पिंपळदऱ्याची फुलवंता पेंदाम, आणि तिघांचे डोळे चांगले होते तेव्हाही पहिला नंबर आपलाच होता, याबद्दल तिच्या मनात शंका नव्हती.

यंदा धनुष्याचा महिना आचारसंहितेत गेला. आचारसंहितेत फाईल हलवता येत नाही, मग मारता कुठून येणार? आचारसंहिता उठली तेव्हा बंदुकीचा हंगाम सुरू झाला होता. एरवी फुलवंता म्हणाली असती, राहू दे, पुढच्या वर्षी बघू. पण तिच्या करिश्माला नर्सिंगला जागा मिळाली होती आणि जातपडताळणी समितीपुढे बारा जानेवारीला तिची सुनावणी होती. समितीला एकोणीसशे पन्नासच्या आधीचा कागद हवा होता. तसा कागद जगात एकच होता. मौजे पिंपळदऱ्याच्या १९४६ सालच्या हक्कनोंदणीच्या फाईलमध्ये, पान चौदावर, करिश्माच्या पणज्याचं नाव आणि पुढे जमात लिहिलेली होती. ती फाईल १९९१ सालीच जंगलात गेली होती. बारा तारखेला पान चौदा नसेल, तर पोरीची जागा गेली.

फुलवंता शिकार शाखेत गेली. तिथले अव्वल कारकून दिगांबर लांजेवार वीस वर्षं तिच्या हातचे बाण पाहत आले होते.

"बाई, धनुष्याचा हंगाम संपला," ते म्हणाले.

"संपला नाई जी, झालाच नाई."

लांजेवारांनी विचार केला. "झाला नाही म्हणजे संपला, असंच धरतात. पण त्यावर तोड आहे." त्यांनी कपाटातून परिपत्रक काढलं. विषय होता, बंदुकीच्या हंगामात धनुष्य वापरणाऱ्यांची सुरक्षितता. "मी वाचतो, तुम्ही हो म्हणा. जंगलात शिरल्यापासून बाहेर पडेपर्यंत नारंगी जाकीट अंगावर पाहिजे. छाती-पाठ मिळून चारशे चौरस इंच."

"हव."

"फायलींना नारंगी दिसत नाही, त्याची काळजी नको. त्यांना फक्त हिरवी शाई दिसते."

"ते मले काय सांगता साहेब?"

"मचाणावर कमरेला दोर."

"सात वर्साची होती तवापासून झाडावर चढून रायली मी. दोर कायले?"

"तुम्ही पडलात तर पंचनामा मला करावा लागेल म्हणून. पुढे, नाक्यावरच्या वहीत जाताना नोंद, येताना नोंद. पुढे, फाईल पूर्ण दिसल्याशिवाय आणि तिचा विषय वाचल्याशिवाय शस्त्र चालवायचं नाही. हे बंदूकवाल्यांनाही लागू आहे. पुढे, फाईल आपल्या पायांनी हजर होत असेल तर तिला मारायचं नाही, फक्त आणायचं. आता नियम नऊ, हा नीट ऐका. जे नारंगी आहे ते माणूस समजावं आणि त्यावर शस्त्र रोखू नये. नारंगी नसलेली प्रत्येक हालचाल फाईल समजावी."

"आन् मधात काई?"

"मधलं काही ठेवलेलं नाही," लांजेवार अभिमानाने म्हणाले. "मधलं ठेवलं की वाद होतात. मागे एक तलाठी खाकी घालून गेले, अजून लंगडतात. त्यानंतर अकरा बैठका घेऊन हा नियम केला."

फुलवंताने जाकीट घेतलं, अंगठा न उठवता सही केली आणि जंगलात गेली. सही करायला आणि वाचायला तिला करिश्मानेच चुलीपुढे बसवून शिकवलं होतं, आणि त्या दिवसापासून ती बसच्या पाट्यासुद्धा मोठ्याने वाचत असे.

पहिले दोन दिवस बारीकसारीक फायली दिसल्या. एक पाणंद रस्त्याची, एक पडक्या शाळेची. एकीच्या मागे तिची तीन स्मरणपत्रं तुरुतुरु चालली होती. फुलवंताने त्यांना जाऊ दिलं. तिसरा दिवस दहा जानेवारीचा. दुपारी ओढ्याकाठच्या कुसुमाच्या झाडावर ती दोर बांधून बसली होती. वास राहू नये म्हणून हात मोहाच्या पानांनी चोळलेले होते. तेवढ्यात बांबूतून एक जाडजूड, वयस्कर फाईल पाण्यावर आली. दोन पावलं टाकायची, थांबायची, कोपरे उचलून कानोसा घ्यायची. फुलवंताने धनुष्य उचललं आणि नियमाप्रमाणे वाचायला घेतलं.

"मौ-जे," ती ओठांतल्या ओठांत म्हणाली. "पिं-प-ळ-द-रा. ह-क्क-नों-द-णी."

तिला इतका आनंद झाला की झाडावरून ओरडावंसं वाटलं. पोरगी नर्स होणार होती. तिने बाण लावला आणि त्याच वेळी ओढ्यापलीकडे तिला दुसरं नारंगी जाकीट दिसलं.

ते निवृत्त मंडळ अधिकारी देवराव भोयर होते. माणूस देवभोळा, चौतीस वर्षांच्या नोकरीत एक नियम मोडलेला नाही, आणि हातात दुनळी. तेही फाईलचा विषय वाचत होते. अशा फायली वाचण्यात त्यांचा जन्म गेला होता, त्यामुळे त्यांचं वाचून झालंच होतं. आता फक्त ते चष्मा सारखा करत होते.

फुलवंताने हिशेब केला. शिटी वाजवली तर फाईल बुजून जाणार. नुसता बाण मारला तर फाईल आडवी होताहोता भोयर बंदूक झाडणार, आणि छर्रे थेट पान चौदापर्यंत जाणार. नियमात अशी एकच गोष्ट होती जिच्यावर भोयर बंदूक रोखू शकत नव्हते. तिने अंगातलं जाकीट काढलं, बाणात ओवलं आणि सोडलं.

बाण वरच्या डाव्या कोपऱ्यात बसला. जाकीट फाईलवर पसरलं, फाईल निमूट आडवी झाली. भोयरांनी समोर नारंगी पाहिलं आणि लगेच बंदूक खाली घेतली. मग झाडावरची हालचाल पाहिली आणि बंदूक तिकडे वळवली.

"मी हाय ना भाऊ! फुलवंता!"

"आवाज ओळखीचा आहे," भोयर म्हणाले. "पण नारंगी दिसत नाही."

"बोलून रायली ना मी तुमच्यासंग!"

"बोलण्याबद्दल परिपत्रकात काही नाही, बाई. तुमचा विषय काय?"

विषय कळला की ते बंदूक झाडायला मोकळे होणार, हे फुलवंताच्या लगेच ध्यानात आलं. तिने विषय सांगितला नाही. "आपल्या पायानं हजर होनाऱ्या फाईलले मारत नाईत ना?"

"छे, छे. तिला फक्त आणायचं."

"मंग येतो मी खाली."

भोयरांनी तिच्या कमरेच्या दोराचं टोक हातात घेतलं. दुसऱ्या हाताने त्यांनी जाकिटातली फाईल अदबीने उचलली. "जपून, पेंदामबाई," ते फाईलला म्हणाले, "दगड निसरडे आहेत." नाक्यावरच्या वहीत, जाताना नोंदवलेल्या फुलवंता पेंदाम परत आल्याची नोंद झाली. जाकिटातल्या फाईलचा कोपरा शाईत बुडवून अंगठ्याच्या जागी उठवला. खाली लिहिलं, आणलेली फाईल एक.

कचेरीत लांजेवारांनी दोघींकडे आळीपाळीने पाहिलं. "मी तुम्हाला ओळखतो, बाई," ते दोर बांधलेल्या फुलवंताला म्हणाले, "पण ओळख ही काही नोंद नव्हे. हरकत घ्यायची असेल तर घ्या. जाकीट परत तुमच्या अंगावर चढेल, चूक दुरुस्त होईल."

"आन् मंग फाईल?"

"ती पुन्हा फाईल होईल. आवक क्रमांक, सूची, पानांची मोजणी, नक्कल, नकलेवर सही. एकवीस दिवस लागतील."

"आन् आता जशी हाय तशी रायली तर?"

"आता ती माणूस आहे. माणसाला काय, यष्टीत बसलं की गेलं."

फुलवंताला घर आठवलं, अंगण आठवलं, करिश्माचे धुऊन वाळत घातलेले पांढरे कपडे आठवले. बारा तारीख परवा होती. "हरकत नाई," ती म्हणाली. "विषय लिवा. कुमारी करिश्मा पेंदाम, इचं शिक्षन."

लांजेवारांनी विषय लिहिला. टॅगसाठी त्यांनी नवं भोक पाडलं नाही. तिच्या डाव्या कानातली बाळी काढून टॅग तिथेच ओवला, आणि ओवताना दुखलं का म्हणून दोनदा विचारलं.

बारा तारखेला करिश्मा जाकिटातल्या पालकांना घेऊन समितीपुढे गेली. आईचा निरोप तिला लांजेवारांनी पोचवला होता. यष्टीत तिने पालकांना खिडकीची जागा दिली. समितीने पालकांना विचारलं, "मुलीच्या पणजोबांचं नाव आणि जमात सांगा." पालकांनी पान चौदा उघडलं. आजवर कुणा पालकाने इतकं स्पष्ट उत्तर दिलेलं नव्हतं, असं अध्यक्ष म्हणाले. प्रमाणपत्र त्याच दिवशी मिळालं. पालक पिंपळदऱ्याला घरी राहू लागले. ग्रामसभेला ते नियमित जातात.

फुलवंताला अभिलेख कक्षात तिसऱ्या रॅकवर जागा मिळाली. वर्ग ब, मुदत तीस वर्षं. खिडकीजवळचा कप्पा तिने भांडून मिळवला. शेजारच्या जुन्या फायली चुळबुळ करायला लागल्या की ती त्यांना एकेकदा उघडायची आणि मोठ्याने दोन ओळी वाचायची. त्या वर्षी चिंचगढच्या कचेरीतून एकही फाईल पळाली नाही. भोयरांनी बंदूक तेल लावून ठेवून दिली.

चार वर्षांनी करिश्मा कचेरीत आली. ती सिव्हिल हॉस्पिटलला लागली होती, अंगावर पांढरा गणवेश होता. तिने मागणीपत्र पुढे केलं.

"फाईल सात दिवसांसाठी देता येते," लांजेवार म्हणाले. "कारण?"

"वाचायची आहे."

"ठीक. पानं तपासून घ्या आणि सही करा. मागाहून तक्रार चालत नाही."

करिश्माने रॅकजवळ जाऊन आईचे दोन्ही हात हातात घेतले. तळवे उलटेसुलटे करून पाहिले, बोट न् बोट पाहिलं, कपाळावरचे केस सारून तोंड पाहिलं. मागे रांग लागली, कुणीतरी खाकरलं, पण तिने घाई केली नाही. मग ती मेजाशी आली आणि डोळे पुसून लिहिलं, सर्व पाने आहेत, काही ठिकाणी झिजली आहेत.

खाली एक रकाना होता, परत करण्याची तारीख. तो तिने कोरा ठेवला. लांजेवारांनी जन्मात कोरा रकाना स्वीकारलेला नव्हता. त्यांनी तो पाहिला, चष्मा काढून पुन्हा पाहिला, शिक्का शाईत दाबला आणि बरोबर त्या रकान्यावर उमटवला.

"चाल वो, यष्टी सुटन," फाईल म्हणाली.