मामांच्या दुकानाचं गुडविल

"गुडविल? हातचा मळ आहे माझ्या!" भाचा म्हणाला, तेव्हा त्याच्या हाती खरोखर हिशेबाच्या परीक्षेचं प्रमाणपत्र होतं, तेही ताजं!

मामांचं घड्याळदुरुस्तीचं दुकान विकायचं होतं. मामांची नजर आता सेकंदकाट्यावर ठरत नव्हती. चाळीस वर्षांनी त्यांना एकच गोष्ट हवी होती, सकाळी उशिरा उठणं! पण दुकान मातीमोलाने जाऊ नये म्हणून त्याच्या नावाची किंमत, म्हणजेच गुडविल, काढायला भाचा आला. समोर दुकानाचं गिऱ्हाईक म्हणून शेजारच्या चष्म्यांच्या दुकानाचा चष्मेवाला बसलेला.

"सोपं आहे," भाचा म्हणाला. "पाच वर्षांच्या नफ्याची सरासरी गुणिले तीन."

मामांच्या वहीत पाच वर्षांचा मिळून नफा निघाला वीस हजार! सरासरी चार हजार. गुणिले तीन, बारा हजार.

"मंजूर!" चष्मेवाला खिशात हात घालत ओरडला.

मामांचा चेहरा पडला. "चाळीस वर्षांच्या नावाचे बारा हजार?"

"सूत्र आहे, मामा. सूत्रापुढे नात्याचं चालत नाही."

"वही चुकीची आहे," आतून मामी म्हणाली आणि पाच डबे एकावर एक रचून घेऊन आली. "दर शनिवारी गल्ल्यातला नफा आधी मी काढते, उरलेला हे नफा म्हणून लिहितात. यांच्या हाती पैसा दिसला की गावभर उसने वाटतात. एका वर्षाचा एक डबा. प्रत्येकात दोन लाख!"

भाच्याने कपाळावरचा घाम पुसला. दहा लाख वीस हजार, सरासरी दोन लाख चार हजार, गुणिले तीन... सहा लाख बारा हजार! अशी बाई त्याच्या एकाही पुस्तकात नव्हती. त्याला मनापासून वाटलं, वाकून नमस्कार करावा.

चष्मेवालाही कच्चा नव्हता. "तेही मंजूर! पण काकू गल्ल्यावर हव्यात."

"गल्ल्यावर मीच बसायचं, तर दुकान तुम्हाला कशाला?" मामीने तीन डबे मामांपुढे सरकवले, चौथ्यातून बारा हजार मोजून वर ठेवले. "घ्या. दुकान मी घेतलं!"

"अगं, माझेच पैसे मला?"

"तुमच्या वहीत आहेत का?"

मामांनी वही पाहिली. नव्हते. पण लगेच त्यांचा चेहरा उजळला. "काही असो, मी सुटलो! उद्या दहापर्यंत झोपणार!"

"दहा? चाळीस वर्षांचा कारागीर कोणी हातचा सोडतं का? भिंग जाड घ्या. नऊला दुकानात. उशीर झाला की अर्धा पगार!"

भाच्याने विक्रीच्या कागदावर मालकाचं नाव बदललं. मामांकडे बघायची काही त्याची छाती झाली नाही.